गादी छत्रीवाल्याचीच

गुरुवार, ११ नोव्हेंबर १९९९. शारजा.
मॅनेजर रिटायर होताहेत. त्यांच्या खुर्चीत मी, नाहीतर उपेंद्र. उपेंद्र ऑफिसात जांभया देतो. म्हणजे मीच. खुर्ची मिळाली की पगार फॅमिली व्हिसापुरता होतो, मग वैभवी आणि देवांश पुण्याहून इकडे. आज मालक शण्मुगमसाहेब आम्हां दोघांना तमिळ पिक्चरला नेणार. त्यांना सांगून ठेवलंय, तमिळ उत्तम समजतं.

शुक्रवार, सकाळ.
शी! पिक्चर आहे की खाटिकखाना? म्हातारा डॉन, दोन मुलगे, एक पुतण्या, सगळ्यांना गादी हवी. लुंग्या वर, कोयते बाहेर. लग्नात खून, बारशात खून. सबटायटल्स अरबी. मध्यंतरातला समोसासुद्धा तेलकट. सभ्य माणूस एकच, म्हाताऱ्यावर छत्री धरणारा. गप्प, इमानी. हुबेहूब मी. पुढे रक्त बघवेना, डोळे मिटून घेतले. झोप नव्हे. उपेंद्र मात्र घोरत होता, लाज नाही.

शनिवार.
साहेबांनी विचारलंच, गादी कोणाला मिळायला हवी होती? इंटरव्ह्यूच हा. मी ठणकावून सांगितलं, छत्रीवाल्याला, सर. त्याच्या जागी मी असतो तर तेच केलं असतं. साहेब नुसते बघत राहिले. भारावले असणार. लगेच वैभवीला फोन केला, देवांशचा शाळेचा दाखला काढून ठेव.

सोमवार.
अल क्वोजच्या गोडाऊनच्या किल्ल्या साहेबांनी काढून घेतल्या. बरोबरच आहे, मॅनेजर का किल्ल्या सांभाळतो? मी नेलेली कॉफीही प्यायले नाहीत. उद्याच्या मॅनेजरने कॉफी आणू नये, हे त्यांना कळतं. कदर आहे माणसाला.

बुधवार.
खलास. खुर्ची उपेंद्रला. त्याला साहेबांनी पिक्चरचं विचारलं तर म्हणाला, तमिळ येत नाही सर, झोप लागली. साहेब पोट धरून हसले म्हणे. वर मलाच ऐकवतो, अरे, साहेबांनीच सांगितलं, तो छत्रीवालाच तर शेवटी म्हाताऱ्याला कॉफीतून विष घालतो. घाणेरडा पिक्चर. असल्यांवर बंदी हवी. प्रामाणिक माणसाला कोणी प्रामाणिक राहूच देत नाही.

गुरुवार.
वैभवीचा फोन. दाखला मिळाला. देवांशने सायकलही मित्राला देऊन टाकली. विचारत होती, स्वेटर आणायचे का. मी म्हटलं, नको, इथे लागत नाहीत.