सॅमन मी करते!

४ मे, रविवार

बोलून बसले! आता शब्द परत कसा घेणार?

झालं असं — जेवणं उरकत आली होती. भाऊजींनी विषय काढला, बाबांना पंचाहत्तर पूर्ण होताहेत, अठरा तारखेला सगळे जमू या. "बाबा, त्या दिवशी काय खायचंय सांगा." सासरे एरवी "काहीही चालेल" म्हणणारे. आज चक्क विचार करत बसले आणि म्हणाले, "सॅमन. कोळशावर भाजलेला." जहाजावर इंजिनाच्या खोलीत नोकरीला होते तेव्हा कुठल्याशा थंड बंदरावर, उभ्या उभ्या, कागदात घेऊन खाल्ला होता म्हणे. पुन्हा तसा कधी मिळाला नाही.

सगळ्यांनी जाऊबाईंकडे बघितलं. सवयच आहे ती. सासूबाई गेल्यापासून या घरात त्यांच्याशिवाय पान हलत नाही. त्या ताटं गोळा करत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "मी तो मासा कधी केलेला नाही."

"असू दे, असू दे, सहज आठवलं," बाबा म्हणाले, आणि त्यांचा चेहरा असा काही उतरला की —

"मी करते," मी म्हटलं.

नवऱ्याला ठसका लागला. भाऊजी म्हणाले, "अगं, तू दूध तापवलंस तरी आम्हाला खिडक्या उघडाव्या लागतात!" हसून हसून मुरकुंडी वळली सगळ्यांची. मीही हसले. आतून झोंबलं मात्र. लग्नाला चार वर्षं होतील. या स्वयंपाकघरात माझं काम काय? चिरायचं, पुसायचं आणि "असू दे, ठेव ते, मी बघते" ऐकायचं.

जाऊबाई हसल्या नाहीत. नुसतं बघितलं माझ्याकडे. बहुतेक मनात म्हणाल्या असतील — कर, आणि पड तोंडघशी.

करणारच!

५ मे, सोमवार

मी कामाला आहे त्या रंगांच्या दुकानात, जेवणाच्या सुट्टीत बसून पाककृती वाचल्या. जितकी माणसं तितकी मतं. एक म्हणतो लिंबाशिवाय सॅमन नाही, दुसरा म्हणतो लिंबू लावाल तर मासा वाया घालवाल. सगळ्यांचं एकाच गोष्टीवर एकमत — खरी गंमत मुरवणीत. मॅरिनेड जमलं तर मासा जमला.

७ मे, बुधवार

पहिला प्रयोग. लिहायलाही लाज वाटते.

मासळीच्या दुकानातून शेपटीकडचे तुकडे आणले होते, सरावाला. सकाळी कामावर जायच्या आधी लिंबाचा रस, लसूण, तेल, मीठ सढळ हाताने लावून फ्रिजमध्ये ठेवले. म्हटलं, दिवसभर मुरेल, चव आतपर्यंत जाईल. संध्याकाळी झाकण काढते तो काय — गुलाबी मासा पांढराफटक! भाजायच्या आधीच शिजल्यासारखा. जाळीवर ठेवला तर अर्धा जाळीला चिकटला, अर्धा कोळशात पडला. हाती आला तो खडूसारखा. वर आंबट ढाण.

नवऱ्याने दोन घास खाल्ले. "वाईट नाही," म्हणाला. त्याचं "वाईट नाही" मला आता पाठ झालंय. म्हणजे फार वाईट.

९ मे, शुक्रवार

दुसरा प्रयोग. लिंबाला हातच लावला नाही. सोया सॉस, मध, आलं, लसूण. वास असा सुटला की मी मनातल्या मनात सत्कार स्वीकारायला लागले. आणि मग — धूर! मध करपला. बाहेरून कोळसा, आतून कच्चा. भाऊजी खिडकीतून ओरडले, "बंब बोलावू का गं?"

हे सगळं कमी म्हणून की काय, जाऊबाई बाहेर आल्या आणि न बोलता काळी झालेली जाळी घासायला बसल्या. "ताई, मी घासते ना," मी म्हटलं. "असू दे, ठेव."

न्हाणीघरात जाऊन थोडं रडले. एका माशासाठी! पण मासा राहिला बाजूला. बाबा सकाळी हळूच म्हणाले होते, "नाही जमलं तरी चालेल हं पोरी." त्याचंच रडू आलं. माझ्याकडून कुणाची काही अपेक्षाच नाही या घरात.

११ मे, रविवार

मासा आणला नाही. दिवसभर कुणाशी धड बोललेही नाही.

१२ मे, सोमवार

सुचलं! सुचलं! सुचलं!

दुकानात एक सद्‌गृहस्थ आले, तावातावाने. आमच्याकडून नेलेला रंग लाकडी खुर्चीला दिला, तर म्हणे पापुद्रे निघताहेत. मी विचारलं, "खुर्ची धुतली होती का?" धुतली होती. "वाळू दिली?" नाही, घाई होती. "वॉर्निश कधी मारलंत?" आधीच, म्हणजे चमक खालून वर येईल! शिवाय रंग पसरेना म्हणून त्यात थिनर ओतला होता. मी सुरूच झाले — "अहो, ओल्यावर काही धरत नाही. आधी पूर्ण कोरडं करा. थिनर जास्त झाला की रंगाचा जीव जातो. आणि चमक शेवटी! वॉर्निश नेहमी शेव—"

आणि तिथेच थांबले. हातात डबा, तोंड उघडं. गृहस्थांना वाटलं मला काही होतंय. "पाणी देऊ का बाई?" म्हणाले.

मी ओला मासा जाळीवर ठेवत होते. लिंबाचा रस थिनरसारखा ओतत होते. आणि मध, जो शेवटी लावायचा, तो आधीच चोळून मोकळी! दिवसभर लोकांना जे सांगते तेच घरी उलटं केलं. त्या माणसाला मी दोन ब्रश फुकट दिले. का, ते त्याला कळलं नाही.

रस नको, पण आंबटाचा वास तर हवा. तो सालीत असतोच की! संत्र्याची साल किसून घालायची. लिंबाचीही. रस पिळायचा तो ताटात, खाताना.

१३ मे, मंगळवार

जमलं!!

तेल, सोया सॉस, ठेचलेला लसूण, किसलेलं आलं, भरडलेली मिरी, मोहरीची पेस्ट चमचाभर, संत्र्याची आणि लिंबाची किसलेली साल. मासा फडक्याने टिपून अगदी कोरडा केला. मुरवण लावून अर्धा तास, जास्त नाही. मग वरचं निपटून जाळीवर, कातडीची बाजू खाली. हलवायचा मोह आवरला. कोळसे धगधगते नकोत, वर राख धरलेले हवेत — हे मागच्या वेळी जळून शिकले. अगदी शेवटी ब्रशने मध, एकच हात.

बाहेर तांबूस, चकचकीत. काटा लावला तर पाकळ्या सुटल्या. आत ओलावा. आधी मिरीचा चटका, मग गोडसर, आणि घास संपताना संत्रं येतं — उशिरा पोचलेल्या पाहुण्यासारखं!

नवरा काही बोलेना. दुसरा तुकडा घेतला. तिसरा घेतला. "अरे, बोल की!" "थांब, खाऊ दे," म्हणाला. तेवढ्यात सगळं आलं.

एक तुकडा जाऊबाईंसाठी झाकून ठेवलाय. बघू.

१४ मे, बुधवार

बशी धुऊन पालथी घातलेली होती. म्हणजे खाल्ला. मुरवणीत मीठ घालायचं नाही, सोया सॉस खारट असतोच — काल हे लिहायला विसरले होते मी.

१६ मे, शुक्रवार

नणंदेचा फोन. "वहिनी, मी येताना जास्तीचं काही करून आणू का? म्हणजे, असू दे आपलं बाजूला." बाजूला! "नको," मी म्हटलं, "भूक आणा."

असं म्हटलं खरं. फोन ठेवल्यापासून पुन्हा पुन्हा माणसं मोजतेय. चार तुकडे जमले म्हणून एवढ्या माणसांचा मासा जमेल का?

१८ मे, रविवार

हात भरून आलेत, पण हे आजच लिहिणार.

सकाळीच मोठा मासा आणला, दुकानातल्या बाईकडून तुकडे करून घेतले. टिपून, मुरवण तयार ठेवून मी कोळसे पेटवायला मागे अंगणात गेले. परत येते तो स्वयंपाकघरात भाऊजी! हातात कापलेलं लिंबू. दोन तुकड्यांवर पिळून झालं होतं, तिसऱ्यावर हात गेलेला. "म्हटलं तुला मदत," ते म्हणाले. मी पुढे धावले. तेवढ्यात जाऊबाईंनी त्यांचं मनगट धरलं. घट्ट. म्हणाल्या, "तिचा मासा आहे. लिंबू ठेवा आणि बाहेर व्हा."

भाऊजी गेले. मी ते दोन तुकडे धुतले, टिपले, बाजूला ठेवले. "ताई—" मी म्हटलं. "शेगडी बघ, विझेल," त्या म्हणाल्या आणि कांदा अर्धा कापून माझ्या हातात दिला. "जाळीला तेल याने लाव. चिकटणार नाही." बस. तेवढंच.

मग सगळे अंगणात जमले. मी शेगडीशी. नणंदेचा नवरा माझ्या खांद्यावरून डोकावत — "उलटा ना आता. करपेल हं. मी सांगतो, करपेल." सगळे बघताहेत. मलाही आतून वाटत होतं, उलटावं. पण मासा जाळी सोडत नव्हता, म्हणजे वेळ झाली नव्हती. "तुम्ही बसा," मी म्हटलं. "हाक मारेन." माझाच आवाज मला ओळखू आला नाही!

आणि मग सुटला. एकेक तुकडा असा अलगद सुटला की बस्स. उलटवले, मध लावला, चर्र झालं, वास अंगणभर गेला. नणंदेने हातातला ग्लास खाली ठेवला.

पहिला तुकडा बाबांना. मी समोर उभी, चिमटा हातातच. त्यांनी घास घेतला. चावला. दुसरा घेतला. काही नाही. तिसरा. तोवर नवऱ्याने बाकीच्यांनाही वाढलं. ताट रिकामं झालं. मग — बाबांनी, ज्यांनी जन्मात कुणाच्या ताटाला हात लावला नसेल — शेजारी बसलेल्या जावयाच्या ताटातली कुरकुरीत कातडी उचलली आणि तोंडात टाकली! जावई बघतच राहिला.

"अहो बाबा!" नणंद ओरडली.

"तो टाकून देणार होता," बाबा म्हणाले. आणि मला, "अजून आहे का गं?"

आहे! आहे! हवा तेवढा आहे!

शेवटी काही उरलं नाही. भाऊजींना त्यांचे लिंबूवाले दोन तुकडे मी मुद्दाम वाढले. "माझा जरा पिठूळ लागतोय," ते म्हणाले. "हो का?" मी म्हटलं. जाऊबाईंना हसू आवरेना. तोंडावर पदर धरून आत पळाल्या. चार वर्षांत त्यांना असं हसताना मी पहिल्यांदा बघितलं.

१९ मे, सोमवार

बोटांना अजून धुराचा वास आहे. गिऱ्हाईक नसताना हुंगून घेतला.

२१ मे, बुधवार

भाऊजी शेजाऱ्यांना सांगत होते, "आमच्याकडचा सॅमन खाल्ला नाहीत अजून?" आमच्याकडचा! बाबांनी जहाजावरच्या जुन्या मित्राला फोन करून मुरवणीतला एकेक जिन्नस सांगितला. संत्र्याच्या सालीशी आले तेव्हा आवाज चढवला.

आज संध्याकाळी मी न विचारता गॅस पेटवला. जाऊबाई आल्या, बघितलं, आणि "असू दे, ठेव" म्हणाल्या नाहीत. बाजूला सरकल्या!

जिंकलं स्वयंपाकघर. थोडं वाईटही वाटलं त्यांच्यासाठी. इतक्या वर्षांचं त्यांचं राज्य.

२६ मे, सोमवार

सकाळी भांड्यांचा आवाजच आला नाही. बाहेर आले तर जाऊबाई दारात — इस्त्रीची साडी, खांद्याला पर्स, चपला घालताहेत. वाचनालयात नोकरी लागलीय. आजपासून! कुणाला पत्ता नाही. "ताई, आणि स्वयंपाक?" मी म्हटलं. शांतपणे म्हणाल्या, "मला स्वयंपाक कधीच आवडला नाही गं. सासूबाई गेल्या, सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं, मी उठले. आता तुम्ही चौघं आहात की." आणि फाटकापर्यंत गुणगुणत गेल्या.

मी तिथेच उभी. आतून भाऊजींची हाक — "अगं, साखर कुठल्या डब्यात असते?"

"शोधा," मी म्हटलं.