सणाच्या दिवशी मोजलेलं गाव

क्रुश्चित्सा, १० मे

चि. रोसांदा हिस, थोरल्या भावाचे अनेक आशीर्वाद.

जिवाला घोर लागलाय. शहरापर्यंत नवी लोकल रेल्वे आखतायत, हे तुला ठाऊक आहेच. थांबा कुठे द्यायचा हे ठरवायला रेल्वेच्या कचेरीतली मुलगी माणसं मोजायला आली, ती नेमकी संत जॉर्जच्या सणाला. घरोघरी शहरातले पाहुणे, गच्च भरलेल्या गाड्यांतून आलेले. आम्ही तिला आधी जेवायला बसवलं, घरची राकिया दारू पाजली. रेल्वेने जाल का, असं विचारलं की जो तो हो म्हणे. तिने दोनशे बारा लिहिले. गावात माणसं एकेचाळीस, तीही माझ्यासारखी कुरकुरणारी. थांबा मिळाला, पण लबाडीचा. म्हणून मी कचेरीला खरं काय ते कळवून टाकलं. आता थांबा रद्द होणार, वाटतं, चुकलंच. बस बंद झाली तेव्हापासून, दोन वर्षं, तुझं तोंड पाहिलेलं नाही.

तब्येत जप. माया असू दे.
तुझा दादा, वुकाशिन

शहर, १९ मे

ती. दादास शि. सा. न. वि. वि.

पत्र वाचून कपाळावर हात मारला. शेजारची मिलुन्का म्हणते, तुझा दादा चोराला किल्ली कुठे ठेवलीय तेही सांगेल. मग सणाला तुमच्याकडे जेवून आलेल्या सतरा बायका मी गोळा केल्या आणि थेट कचेरी गाठली. तीच मुलगी होती. तिला म्हटलं, बाई, माणसं खोटी नव्हती, ती इकडच्या टोकाला राहतात, एवढंच. गाडी दोन्हीकडून धावेल ना? तिने हसून एकेकीचा अर्ज भरला. महिन्यातून किती वेळा जाल, असं विचारलं. मी एकदा म्हणणार होते. मग तुझ्या हातचा स्वयंपाक आठवला, तू खातोस काय कोण जाणे. चार वेळा लिहायला सांगितलं.

रागावायचं मला आहे, तू रागावू नकोस.
तुझी रोसांदा

क्रुश्चित्सा, ३० जून

चि. रोसांदा हिस अनेक आशीर्वाद.

थांबा आराखड्यात राहिला. फलाट मात्र एकाच डब्याचा. तू मागच्या डब्यात बसलीस तर सरळ मक्याच्या शेतात उतरशील, ही नवी काळजी. गाडी यायला सहा वर्षं लागतील म्हणतात. तेव्हा तू ऐंशीची, मी त्र्याऐंशीचा. एवढं थांबणं मला जमायचं नाही. दुधाचा ट्रक रोज सकाळी शहरात जातो आणि ड्रायव्हरशेजारची जागा रिकामी असते. दोन वर्षांत हे माझ्या डोक्यात आलं नाही.

शुक्रवारी येतो. जेवायला थांब.
तुझा दादा