पऱ्हे आणि परराष्ट्र

माय, तुले लिहायले बसली आहे. तू असती तर म्हणाली असती, लाखोळीची डाळ निवडायची सोडून कागद कायले काळे करून राहिली. पण आज मले लय खुशी झाली आहे आणि घरात जो तो आपल्या मोबाइलमध्ये आहे. सांगू कोणाले? तिसरीपर्यंत शिकलेली मी, अक्षर असं का कोंबडी चालून गेल्यासारखं. तुले तर तेवढंही वाचता येत नव्हतं. म्हणून तुलेच लिहिलेलं बरं, चुका तरी काढणार नाहीस.

माझी नात, म्हणजे तुझी पणती, दिल्लीले शिकायले चालली. नंबर लागला तिचा. कायचं शिकणार म्हणून विचारलं तर म्हणाली, "आजी, परराष्ट्र संबंध." मले ऐकू आलं पऱ्हे. आता आपल्या भागात पऱ्हे म्हटलं का धानाची रोपं, दुसरं काय येईल मनात? मले वाटलं पोरगी शेतीचं शिकून राहिली. मोहाडीच्या बाजारात भेटली त्या बाईले सांगत सुटली का नात दिल्लीले पऱ्ह्यांचं शिकायले चालली. तिखट विकणारी म्हणाली, "काहून बाई, आपल्याकडचा चिखल सरला का?" घरी येऊन हे सांगितलं तर पोरगी हसून हसून खाटेवर आडवी. तिचा बाप, माझा लेक, वरठीच्या कारखान्यातून येऊन नुकता हातपाय धूत होता, तोही हसला. तो कामावरून आला का हसत नाही सहसा, म्हणून मले माझी चूक गोडच वाटली.

मग तिनं मले जवळ बसवून समजावलं. परराष्ट्र म्हणजे दुसरे देश. दोन देशांनी आपसात ठरवलं तर ते द्विपक्षीय, आणि पुष्कळ देश एका ठिकाणी बसून ठरवतात ते बहुपक्षीय. पक्ष म्हटल्यावर मले सोयरीक आठवली. मी म्हटलं, "मुलीकडचे अन् मुलाकडचे बसले तर द्विपक्षीय. मामे, फुफे अन् मावश्या मधात आल्या का बहुपक्षीय. मग जेवणं दुपारी चारले." ती म्हणाली, "आजी, तू दिल्लीले चल, मी घरी राहतो." अशी आहे बोलायले, तुझ्यावर गेली. मग म्हणाली, "मुलाखतीत हेच विचारलं होतं, दोन्हीतलं कोणतं बरं. मी काहीतरी मधातलं बोलली. तुले काय वाटते?"

मले काय वाटणार? मले तू दिसली. कासोटा घातलेली, पिंढरीपर्यंत चिखल, आणि आपल्या दोन बांध्या, धानाचे दोन लहान तुकडे, पाटाच्या पार शेवटाले. बा तेव्हा चिखला गावच्या मँगनीजच्या खाणीत होता, सुट्टीच्या दिवशीच घरी यायचा. शेती तुझ्यावर. सहा घरच्या बाया मिळून पऱ्हे लावायची रोवणी करायच्या, आज हिच्या शेतात साऱ्याजणी, उद्या तिच्या. मजुरी कोणी कोणाले देत नसे, दिवसाले दिवस फेडायचा. तलावाचं पाणी पाटानं जसं खाली येईल तशी पाळी. पाटाच्या तोंडाशी काकूचं शेत. सख्खी नव्हे, मोहल्ल्यातली, पण मोठ्या शेताची म्हणून सारा गाव तिले काकू म्हणे. तिची पाळी पहिली, आपली सहावी. त्या साली पाऊस लांबला, तलाव अर्धा भरला आणि आपले पऱ्हे वाढून पिवळे पडून राहिले होते. पऱ्हे म्हातारे झाले का रोवून फायदा नाही, फुटवे येत नाहीत. तू रोज सकाळी जाऊन पाहायची. घरी येऊन भाकर जाड थापायची.

एक दिवस काकू आपल्या चुलीपाशी येऊन बसली. मी तिथंच मिठासंग आंबील पिऊन राहिली होती. काकू म्हणाली, "पोरी, तू माझ्याकडं ये दोन दिवस. मी तुले पाणी देतो, घरच्या बाया देतो. दोघीतच ठरवू. बाकीच्यायले कायले विचारतेस?" तू चुलीतलं लाकूड मागं ओढलं, पुढं केलं. मग म्हणाली, "येतो." मले वाटलं, सुटलो.

कायचं सुटलो. दोन दिवस झाल्यावर काकू म्हणते, "तुझ्या दोन बांध्या, माझं एवढं शेत. एका दिवसाले एक दिवस कसा होईन? अजून तीन दिवस ये, मग पाणी." तुले नाही म्हणता आलं नाही. बोलणं झालं तेव्हा तिसरं होतं कोण? मी, आणि माझी साक्ष कोण धरते. तिकडं बाकीच्या चारजणी फुगल्या. विहिरीवर तू गेली का दोर सोडून बाजूले व्हायच्या, जशी तू पाहुणी आहेस. एक तर ऐकवून म्हणाली, "मोठ्या घरची रोवणी गोड लागते बाप्पा." तू घागर उचलली आणि सरळ आली. पऱ्हे तिकडं पिवळेच.

मी तुले म्हटलं, "माय, काकूशी कट्टी कर." तू माझ्या पाठीत एक धपाटा घातला. "पाट तिच्या बांधीतून येते ना? बोलणं सोडलं तर पाणी काय वरून आणशीन?" ते मले तेव्हा पटलं नाही, पाठ दुखत होती.

मग विहारापुढच्या चिंचेखाली तू साऱ्यायले बोलावलं. काकूलेही. तू म्हणाली, "मी दोघीत ठरवलं, ते मले झेपलं नाही. आता साऱ्याजणी मिळून सांगा, ज्याचे पऱ्हे पहिले म्हातारे त्याची रोवणी पहिली, असं चालते का?" माय, काय तो कल्ला झाला. पऱ्ह्यांची गोष्ट राहिली बाजूले, कोणाची कोंबडी कोणाच्या वाडीत गेली होती तिथपासून निघालं. एक रुसून घरी गेली, तिले आणायले दोघी गेल्या. काकू म्हणे पाणी माझ्याकडून जाते, तर तिची जाऊ म्हणाली, "पाणी तलावातून येते, काकू, तुमच्या माठातून नाही." तिथं काकूही हसली. दुसऱ्या दिवशी पुन्हा बसल्या तेव्हा कुठं ठरलं. पहिले आपल्या बांध्या, मग ज्याचे पऱ्हे जसे. काकूचं शेत मोठं, तिथं साऱ्याजणी जास्तीचा दिवस देणार, पण पाट तिनं अडवायचा नाही.

आपलं धान त्या साली पातळच झालं. दोन दिवस बसण्यात गेले, त्यात पऱ्हे अजून वाढले. पण झालं. आणि पुढच्या साली सहाव्या पाळीची कोणी गोष्ट काढली नाही. तू एकदा रोवता रोवता मले म्हणाली होती, "दोघीच बसलो का तिचं शेत मोठं दिसते. सहाजणी बसलो का भूक साऱ्यायची सारखी."

हे सारं नातीले सांगितलं तर ती लगेच म्हणाली, "म्हणजे बहुपक्षीय बरं." मी म्हटलं, थांब, घाई नको करू. भाऊ झाला तेव्हा तुझ्यापाशी कोण धावलं? दुपारची वेळ, साऱ्या बाया कापणीले, मी रडत काकूच्या दारात. तिनं तोंडातला घास टाकून दिला आणि आली. तिथं सहाजणींची बैठक घेतली असती तर भाऊ चिंचेखालीच झाला असता. रोवणीचं सारं सहाजणींत ठरायचं, पण तुझं तिचं वेगळं चालूच राहिलं. तिच्या घरून ताक यायचं, आपल्याकडून लाखोळीच्या वड्या जायच्या. ते कोणाले विचारून नव्हतं. नात म्हणाली, "आजी, मग उत्तर काय?" मी म्हटलं, "मले काय माहीत, मी काय दिल्लीले चालली?" ती माझ्या मांडीवर डोकं ठेवून पडली. एवढी मोठी पोरगी, पाय खाटेच्या बाहेर.

आज सकाळी सामान बांधता बांधता विचारते, "आजी, तुझी माय साऱ्या फुगलेल्या बायांपुढं एकटी उभी राहिली. तिले भेव नाही वाटलं?" मी म्हटलं, "नाही. माझी माय कोणाले भेत नव्हती." पोरीच्या तोंडावर असा धीर आला, माय, का मले पुढचं सांगवलं नाही. तिलेही आता तिथं अनोळखी लोकांत उभं राहायचं आहे, नाही का.

हा कागद टपालाच्या कोणत्या डब्यात टाकणार मी? उशीखाली ठेवतो. तुले मात्र खोटं सांगत नाही. त्या दिवशी चिंचेखाली मी तुझा पदर धरून उभी होती, आणि पदर मी नाही, तू हलवून राहिली होती. तू पायापासून थरथरत होती. ते मी तिले सांगितलं नाही.