माघाररावांचा मृत्युलेख

३ फेब्रुवारी
संपादकांनी केबिनमध्ये बोलावून दार लावलं. म्हणजे कुणीतरी मरणार! "माघाररावांचा मृत्युलेख लिहून ठेवा. डॉक्टरांनी हात टेकलेत." आमच्या धंद्यात माणूस जिवंत असतानाच लेख तयार ठेवतात, तारीख तेवढी मोकळी सोडतात. शिंप्याने माप घेऊन ठेवावं तसं.

माघारराव हे नाव माझंच. बावीस वर्षांपूर्वीचं. चाळीस हजार शेतकरी, तीनशे ट्रॅक्टर, पुलापलीकडे राजधानी — आणि हे गृहस्थ पहाटे एका ट्रॉलीवर चढून म्हणाले, "घरी चला." कारण नाही, खुलासा नाही. मी सदरात नाव ठेवलं, ते चिकटलं. निवडणुकीत पोरंटोरं ते ओरडत त्यांच्या गाडीमागे धावायची. पडले ते कायमचे.

५ फेब्रुवारी
लेख झाला. सुरुवात मन लावून लिहिली. विशीत हा माणूस स्वतःचं माप घेऊन दूध संकलन केंद्राच्या दारात बसायचा. लोक आधी त्याच्याकडे दूध मोजायचे, मग आत न्यायचे. महिन्याभरात आतलं माप सुधारलं! संघटना उभी राहिली ती तिथून. पुढे तीनदा तुरुंग, दोनदा विधिमंडळ. आणि मग पूल.

मोर्चाविषयी विचारायला दादाला फोन केला. माझा सख्खा भाऊ, अगदी पुढच्या ट्रॅक्टरांत होता. "माणूस मेल्यावर लिही ना," म्हणाला. "मला नातवाला शाळेत सोडायचंय." ठेवलाच फोन.

८ फेब्रुवारी
मूर्ख बाई! तुरुंगाच्या तारखा तपासायला त्यांच्या मुलीला यादी पाठवायची होती. पाठवला अख्खा लेख. '— रोजी निधन झाले' यासकट.

९ फेब्रुवारी
मुलीचा फोन. "बाबांनी वाचलाय. या म्हणतात."

१० फेब्रुवारी
मी गेले. दुसरं काय करणार! खिडकीशी पलंग, नाकात नळी, मांडीवर माझा लेख. केवढा धिप्पाड माणूस, पांघरुणाखाली दिसतच नव्हता.

"या बाई. तारीख मोकळी सोडलीत, उपकार झाले. घाई नाही ना?"

मी खुर्ची ओढून लेख हातात घेतला.

पेन्सिलीने दुरुस्त्या केल्या होत्या. दुसरा तुरुंगवास नऊ नव्हे, अकरा महिने. माप पितळी नव्हे, जस्ताचं. पुलाच्या परिच्छेदाला मात्र पेन्सिल लागली नव्हती.

"हे?" मी विचारलं.

"राहू द्या. चांगलं जमलंय."

दारातून मुलगी कडाडली, "बाबा, आता तरी सांगा!"

"कशाला? त्या माणसाची नातवंडं शाळेत जातात आता."

जिन्यात तिनेच सांगितलं. पहिल्या ट्रॉलीत पोत्यांखाली पेट्रोलच्या बाटल्या होत्या. पुलावर पोलिसांच्या बंदुका. बाबांनी पहाटे पाहिलं. पुढे गेले असते तर माणसं पडली असती. कारण सांगितलं असतं तर तो माणूस आयुष्यभर आत, आणि सगळे शेतकरी जाळपोळ करणारे ठरले असते.

"कोण होता?"

"मलाही नाही सांगितलं. आईलाही नाही. तुमचा लेख यायचा त्या दिवशी आई पेपर लपवायची. बाबा शोधून वाचायचे."

१२ फेब्रुवारी
परिच्छेद खोडला, नव्याने लिहिला. संपादक म्हणतात, "नाव आणा, छापतो. नाहीतर जुनंच जाईल. तुमचंच तर आहे!" बरोबरच आहे. निनावी माणसाच्या साक्षीवर मी तरी कुणाला सोडलं होतं?

दादाला फोन केला. सगळं सांगितलं. "तू पुढेच होतास. पहिली ट्रॉली कुणाची?"



"दादा?"

"जेवलीस का तू?" म्हणाला.

१५ फेब्रुवारी
पहाटे गेले. तारीख भरली.

दुपारी दादा कचेरीत आला. इस्त्रीचा सदरा, हातात कपड्यांची पिशवी. बस म्हटलं, बसला नाही.

"ट्रॉली माझी होती," म्हणाला. "नावानिशी लिही."