चेन बदललीच नव्हती

लिहून ठेवते मी, रत्नमाला पुंजाराम दाभाडे, वय सहासष्ट, धंदा मोटार दुरुस्ती, राहणार उस्मानपुरा, छत्रपती संभाजीनगर, की आज माझी बुद्धी शाबूत आहे, कान शाबूत आहेत आणि रागही शाबूत आहे. रागाचा उल्लेख मृत्युपत्रात करत नाहीत, असं माझ्या वकील सरिता खरात म्हणाल्या. मी म्हटलं, "राहू द्या. नाहीतर लोक म्हणतील, म्हातारीनं भ्रमात लिहिलं."

हे मृत्युपत्र मी कुणाच्या धाकानं, आग्रहानं किंवा भुलवणीनं लिहीत नाही. रक्तातल्या साखरेची एक गोळी घेते, तिचा या मजकुराशी संबंध नाही. याआधी मी एक मृत्युपत्र केलं होतं. त्यात सगळं माझा एकुलता एक मुलगा ऋतुराज याच्या नावे होतं. ते मी या लेखानं रद्द करते. कारण देणं कायद्यानं गरजेचं नाही म्हणतात. मला गरजेचं आहे. ते कलम तीनमध्ये वाचावं, आणि ऋतुराजसमोर मोठ्यानं वाचावं.

कलम एक. उस्मानपुऱ्यातलं राहतं घर आणि त्याखालचं गॅरेज माझ्या एकटीच्या नावावर आहे. ते वडिलोपार्जित नाही. जागा माझे पती पुंजाराम यांनी आणि मी मिळून घेतली, खरेदीखत माझ्याच नावे झालं. ते गेल्यावर बाकीचे हप्ते मी इंजिनं उघडून फेडले. त्यामुळं यावर भाऊबंदांपैकी कुणाचाही हक्क पोचत नाही. घर माझी सून तनुजा हिला द्यावं. बँकेतली ठेव नात संस्कृती हिच्या शिक्षणासाठी. तिनं काय शिकावं हे तिनं ठरवावं, तिच्या बापानं नाही.

कलम दोन. गॅरेज, त्यातली सगळी हत्यारं, दोन्ही लिफ्ट, स्कॅनर आणि सेन्सरची लाट पडद्यावर दाखवणारा स्कोप तनुजाला. हे वाचून काही जण हसतील, म्हणून सांगते. मी इथल्या पॉलिटेक्निकातून मेकॅनिकलचा डिप्लोमा घेतला तेव्हाही लोक हसले होते. पुंजाराम हसले नाहीत. एसटीच्या वर्कशॉपातली नोकरी सोडून त्यांनी गॅरेज टाकलं तेव्हा पाटीवर आधी माझं नाव लिहिलं, मग स्वतःचं. तनुजा या घरात आली तेव्हा तिला पाना कसा धरतात हे माहीत नव्हतं. आज ती स्कोपवरची लाट बघून सांगते की बिघाड सेन्सरचा आहे की आतला. ते तिला मी शिकवलं. ऋतुराजलाही मीच शिकवलं होतं. शिकवण्यात फरक नव्हता.

कलम तीन. आता कारण.

ऋतुराजनं गॅरेजच्या बाजूला जुन्या गाड्या घेऊन विकायचा धंदा सुरू केला होता. २०२३ च्या जानेवारीत त्यानं एक पेट्रोल गाडी आणली, व्हीव्हीटी इंजिनाची. म्हणजे ज्यात व्हॉल्व्हच्या उघडझापीची वेळ इंजिन स्वतःच तेलाच्या दाबावर पुढंमागं करतं. सकाळी मी ओट्यावर चहा पीत होते. त्यानं सेल्फ मारला आणि इंजिनाच्या पुढच्या बाजूनं दोनतीन सेकंद खडखड आली, मग गप्प. मी चहा ठेवून उठले.

"ऋतू, ही चेन बोलतीय."

"थंडी हाय आई. गरम झाली की जातं."

"गरम झाल्यावर तेल भरतं म्हणून जातं. स्कॅनर आण."

आम्ही दोघांनी मिळून तपासलं. इंजिनात दोन कॅम असतात, एक हवा आत घेणाऱ्या व्हॉल्व्हचा, एक धूर बाहेर सोडणाऱ्यांचा. दोघांना एकच चेन फिरवते. चेन झिजून लांबली की दोन्ही कॅम क्रँकच्या, म्हणजे पिस्टननं फिरणाऱ्या मुख्य दांड्याच्या, मागं पडतात, आणि सारखेच पडतात. या गाडीत तेच होतं. इंजिनाचा कॉम्प्युटर होईल तेवढं सांभाळून घेत होता, म्हणून चालवणाऱ्याला गाडी जरा आळशी वाटली असती, एवढंच. आधीच्या मालकानं तेल वेळेवर बदललेलं नव्हतं. मी ऋतुराजला सांगितलं, कव्हर उघड, चेन, ती ताणून धरणारा टेन्शनर, तिला वळण देणारे गाइड, सगळं नवं टाक, मग विक. तो म्हणाला, "व्हय आई, करतो."

मी बहिणीकडं जालन्याला गेले. परत आले तेव्हा गाडी विकली गेली होती.

"चेन बदलली का?"

"बदलली."

मी त्याच्या तोंडाकडं बघून विचारलं होतं आणि त्यानं माझ्या तोंडाकडं बघून सांगितलं होतं. हे मी मुद्दाम लिहिते.

चेन बदललीच नव्हती. त्यानं जाड तेल ओतलं. जाड तेल टेन्शनरमधून लवकर उतरत नाही, म्हणून सकाळची खडखड दबते. मग स्कॅनरनं बिघाडाचा कोड पुसला, डॅशबोर्डवरचा इंजिनाचा दिवा विझवला आणि गाडी पाचोडच्या कडुबा तांगडे यांना दिली. कडुबांचा मोसंबीचा बाग आहे. त्यांनी गाडी घेतली कारण त्यांची मुलगी मोनाली पहिल्या बाळंतपणाला माहेरी येणार होती.

मे महिन्यात, भर दुपारी, मोनालीला कळा सुरू झाल्या. तिचा भाऊ आकाश गाडी चालवत होता. शहराकडं येताना आडूळच्या पुढं इंजिन अडखळलं, आतून काहीतरी तुटल्यासारखा आवाज झाला आणि गाडी जागेवर बंद. चेन दात सोडून सरकली होती. व्हॉल्व्ह पिस्टनवर आपटून वाकले होते. आकाश सेल्फ मारत राहिला. वाकलेल्या व्हॉल्व्हचं इंजिन कितीही सेल्फ मारला तरी लागत नाही, हे त्याला कुठून माहीत असणार? उन्हात ती पोरगी मागच्या सीटवर होती. अँब्युलन्सला फोन झाला, ती लवकर आली नाही. शेवटी एका जीपवाल्यानं घेतलं. मोनाली वाचली. बाळ वाचलं नाही. डॉक्टर म्हणाले, थोडं आधी पोचला असता तर.

काही दिवसांनी कडुबा ती गाडी टो करून माझ्या दारात घेऊन आले. सोबत आकाश होता. कडुबा ओरडले नाहीत. म्हणाले, "बाई, ही गाडी तुमच्या पोरानं दिली. आत काय झालंय ते मला दाखवा. आकाश म्हणतो, त्याच्याच हातून बंद पडली. तो जेवत नाय."

ऋतुराज मध्ये आला. "आई, थांब. आधी आपण बोलू."

मी थांबले नाही. आधी तेल काढलं. काकवीसारखं आलं, जाड आणि काळं. मग कव्हर उघडलं. चेन जुनीच होती. टेन्शनरचा दांडा होता तेवढा बाहेर येऊन संपला होता, गाइडचे तुकडे खाली चेंबरमध्ये पडले होते. मी आकाशला जवळ बोलावलं आणि त्याच्या हातात ती चेन दिली.

"ही तू नाही तोडलीस. ही तुला देण्याआधीच गेली होती. समजलं का?"

तो चेन हातात धरून मोठ्यानं रडला. ऋतुराज आत निघून गेला. मला त्या दिवशी माझ्या मुलाची जेवढी चीड आली तेवढी आयुष्यात कुणाची आली नव्हती. ती गेलेली नाही.

कडुबांनी ग्राहक आयोगात तक्रार केली. ऋतुराजच्या वकिलांचं म्हणणं असं, की व्हीव्हीटीचा तेल सोडणारा व्हॉल्व्ह अचानक बिघडला, आधी कुणालाच कळणं शक्य नव्हतं. कडुबांनी मला साक्षीला बोलावलं. मी गेले.

वकील हुशार होते, त्यांनी बरोबर प्रश्न विचारला. "व्हीव्हीटीचा व्हॉल्व्ह अचानक अडकू शकतो ना?"

"शकतो. पण मग एकच कॅम चुकतो. इथं दोन्ही सारखेच मागं होते. ते चेनचं लक्षण आहे."

"हे तुम्हाला इंजिन फुटल्यावर कळलं."

"विकायच्या आधी कळलं. माझा मुलगा शेजारी उभा होता. स्कॅनर त्याच्याच हातात होता."

ऋतुराजनं मान वर केली नाही. निकाल कडुबांच्या बाजूनं लागला. भरपाई ऋतुराजनं वकिलामार्फत पोचती केली. स्वतः पाचोडला गेला नाही. एकदाही नाही.

कलम चार. माझे धाकटे दीर निकालानंतर माझ्या घरी येऊन, माझ्याच खुर्चीत बसून म्हणाले, "पोटच्या पोराला भर कोर्टात उघडं पाडलं. वहिनी, तुम्ही आई हायेत का वैरीण?" त्यानंतर त्यांनी बुद्धविहारातल्या कार्यक्रमाला सगळ्यांना बजावलं की हिच्याजवळ बसू नका. लोक बसले नाहीत. मोनालीच्या बाळाबद्दल त्यांनी तेव्हा किंवा नंतर एक शब्द काढला नाही. त्यांना माझ्या मिळकतीतून काहीही देऊ नये. माझ्या शोकसभेत त्यांना भाषण करू देऊ नये. ते उठलेच तर तनुजानं माईक बंद करावा.

कलम पाच. तनुजासाठी. गॅरेज तुझं होतं आहे, त्यासोबत ही ताकीद घे. नुसत्या आवाजावर चेन बदलायला सांगू नकोस, तीसुद्धा लबाडीच. आधी तेल बघ, किती आहे आणि कोणतं आहे. मग रात्रभर उभी राहिलेली गाडी सकाळी स्वतः सुरू करून ऐक. मग दोन्ही कॅम क्रँकशी ताडून बघ. एकच मागं असेल तर त्याचा तेलाचा व्हॉल्व्ह काढ, त्याची जाळी बघ, कॅम पुढंमागं करणारा फेजर बघ; चेनीला हात लावू नकोस. दोन्ही मागं असतील तर कव्हर उघड आणि गिऱ्हाइकाला उभं करून टेन्शनर दाखव. गिऱ्हाईक म्हणालं, "आत्ता नको, तेल जाड टाका, भागवून घेतो," तर गाडी घेऊन जा म्हण. रस्त्यावर त्या गाडीत कोण बसणार आहे, हे त्यालाही माहीत नसतं.

ज्या दिवशी मी साक्ष दिली, त्या संध्याकाळी या घरात माझ्याशी फक्त तू बोललीस. तुझा नवरा समोर बसला होता, तरी बोललीस. "आई, जेवायला वाढते," एवढंच म्हणालीस. मी ते विसरलेले नाही.

कलम सहा. ऋतुराजसाठी. त्याला घर नाही, गॅरेज नाही, ठेव नाही. त्या गाडीतली जुनी चेन आयोगाकडून परत आली आहे, ती त्याला द्यावी. तनुजा नवऱ्याला घरात ठेवील की नाही, हा तिचा प्रश्न, त्यात मी पडत नाही. पण गॅरेजमध्ये त्यानं हत्याराला हात लावायचा असेल तर एक शर्त आहे. त्यानं पाचोडला जावं, वकील न घेता, पैसे न नेता, आणि मोनालीसमोर उभं राहून जे केलं ते स्वतःच्या तोंडानं सांगावं. माफी मागितली नाही तरी चालेल. सांगितलं पाहिजे.

हे कलम मी मरणानंतर वाचायला ठेवलं नाही. काल त्याला समोर बसवून वाचून दाखवलं.

"मेल्यावर ऐकण्यापेक्षा आत्ताच ऐक."

"तिथं जाऊन काय बोलू, आई? पैसे दिले ना समदे."

"पैसे आयोगानं द्यायला लावले. तू काय दिलंस?"

"तू लई कठोर हायेस."

"मी खोटं ऐकून घेतलं एकदा. आता नाही घेणार."

तो उठून गेला. दारही लावलं नाही.

कलम सात. माझे अंत्यसंस्कार बौद्ध पद्धतीनं व्हावेत, थोडक्यात. अग्नी तनुजानं द्यावा. ऋतुराज आला तर त्याला येऊ द्यावं. त्याला पुढं ढकलू नये आणि हाकलूही नये.

कलम आठ. या मृत्युपत्राची अंमलबजावणी वकील सरिता खरात यांनी करावी. त्या मला आवडतात कारण त्या वाद घालतात.

कलम नऊ. हे आज सकाळी वाढवलं आहे. सही करायला साक्षीदार येऊन बसले होते तेव्हा कडुबांचा फोन आला. मोनाली दिवाळीसाठी माहेरी आली आहे.

"बाई, तुमचा पोरगा आलाय. अंगणात उभाय. मोनालीला बोलवा म्हणला."

"बोलवलं का?"

"ती आपणहून आली भायेर. त्यानं सांगितलं समदं, तेल कसं टाकलं, दिवा कसा विझवला, तुम्हाला खोटं कसं बोलला. मोनाली ऐकत राहिली. मंग म्हणली, आता पुन्हा सांगा, पहिल्यापासून."

"सांगितलं?"

"व्हय. आता तिसऱ्यांदा सांगतोय. ती सोडंना."

मी विचारलं, त्याला पाणी दिलं का. कडुबा म्हणाले, नाही दिलं. मी म्हटलं, ठीक.

शेजारी बसलेल्या साक्षीदार दगडाबाईंनी विचारलं, आता कलम सहा खोडायचं का? खोडायचं नाही. शर्त पुरी झाली की नाही, हे मोनाली सांगेल, आणि तिला हवं तेव्हा सांगेल. तिनं तनुजाला कळवावं. तोवर मजकूर आहे तसा राहील. ऋतुराज अजून पाचोडहून परतलेला नाही.

वरील सर्व मजकूर मी सांगितला, सरितांनी लिहिला, मला वाचून दाखवला. तो बरोबर आहे. मी साक्षीदारांसमोर सही केली आणि त्यांनी माझ्यासमोर केली.

(सही) रत्नमाला पुंजाराम दाभाडे

साक्षीदार
१. (सही) दगडाबाई सोनवणे, निवृत्त परिचारिका, उस्मानपुरा
२. (सही) सार्थक गायकवाड, शिक्षक, उस्मानपुरा

स्थळ: छत्रपती संभाजीनगर
दिनांक: २५ ऑक्टोबर २०२५