त्र्याहत्तर तासांची बॅटरी

बाबा, काल तुमच्या नातीने मला विचारलं की शब्बाथच्या दिव्यांसाठी बॅटरी घ्यायची तर केवढी घ्यायची. तिने विचारलं हिब्रूत, मी उत्तर दिलं मराठीत, आमचं असंच चालतं. दुकानदार सांगेल ती घे म्हणून मोकळी झाले असते, पण हात आपोआप पेन्सिलीकडे गेला. दिवे किती, करंट किती, तास किती, आणि शेवटी दुप्पट. तिला आकडा दिला तर म्हणाली, एवढी मोठी कशाला? मी म्हटलं, घे गो बाई, वाद घालू नकोस. मग ती गेली आणि मी त्याच कागदाच्या मागे तुम्हाला लिहायला बसले. गुडघे दुखतात, डोळे दुखतात, आणि खरं सांगायचं तर ही गोष्ट इतकी वर्षं सांभाळूनही मी दमले आहे.

त्रेसष्टचं साल. आपण मुंबई सोडून यहुद्यांच्या या देशात, लोदला येऊन वर्षही झालं नव्हतं. गावाच्या टोकाला आपल्या लोकांची झोपड्यांची रांग, तिथवर विजेचे खांब पोचले नव्हते, आणि रांगेच्या शेवटी प्रार्थनेची झोपडी. मुंबईत तुम्ही रेल्वेच्या वर्कशॉपात डब्यांतल्या दिव्यांच्या बॅटऱ्या सांभाळल्या होत्या. इथे गोदामातल्या विजेच्या गाड्या दुरुस्त करायच्या कारखान्यात तुमच्या हातात झाडू दिला. त्याच कारखान्यात बॅटऱ्यांची खोली होती, आणि ती झाडायला गेलात की तुम्ही जरा जास्तच वेळ झाडत असा. एकदा तुम्ही एका सेलकडे बोट दाखवून फोरमनला खुणेने सांगितलंत की हा उकळतोय, पाणी कमी आहे. त्याने झाकण उघडून पाहिलं. त्या दिवसापासून तो तुम्हाला नावाने हाक मारू लागला, आणि त्या खोलीत एक जागा रिकामी होणार आहे हेही त्यानेच सांगितलं.

प्रार्थनेच्या झोपडीत नव्याच्या सणाला, म्हणजे आपल्या वर्षारंभाला, विजेचे दिवे लावायचे ही कल्पना तुमची. फोरमनने कारखान्यातली एक जुनी बॅटरी दिली, सण झाला की धडधाकट परत आणायची या बोलीवर. तो म्हणाला, बघू या तुला किती कळतं ते. सणात आणि शब्बाथला, म्हणजे शुक्रवार संध्याकाळपासून शनिवार रात्रीपर्यंत, आपल्याला तार लावता येत नाही की काढता येत नाही. एकदा सूर्य मावळायच्या आत लावलेला दिवा सण संपेपर्यंत जळणार, त्यामुळे हिशेब आधीच चोख हवा. ओट्यावर आई भाकऱ्या थापतेय, पिठाचा हात मध्येच माझ्या वहीला लागतोय, आणि तुम्ही स्टुलावर बसून मला शिकवताय. दोन दिवे, प्रत्येकी एक अँपिअर. तास गुणायचे. आलेला आकडा दुप्पट करायचा. दुप्पट का, असं मी विचारलं तेव्हा तुम्ही म्हणालात, "अर्धी बॅटरी आपली, अर्धी तिची स्वतःची. डबा खरवडून खाल्लास तर उद्या काय खाशील? गाडी सुरू करायला धक्का देणारी बॅटरी निराळी, ही ओझं वाहणारी आहे. हिला तळापर्यंत नेलं की संपली."

मग तुम्ही विचारलंत, "तास किती धरायचे गो? नव्याचा सण तर दोन दिवस. त्यात औंदा गुरुवारी आलाय, म्हणजे पाठोपाठ शब्बाथ." आणि मी, चौदा वर्षांची शहाणी, वहीतून मानही वर न करता म्हणाले, "बाबा, दोन दिवस ते परदेशात. इथे सगळे सण एकच दिवस. शाळेत सांगितलंय." शाळेत सांगितलं होतं ते बाकीच्या सणांबद्दल; नव्याचा सण इथेही दोन दिवसांचाच. शाबुओथचा सण आपण इथे एकच दिवस पाळला होता, म्हणून मला ते पटलंही होतं. तुम्ही क्षणभर माझ्याकडे पाहिलंत आणि म्हणालात, "तू शिकतेस, तुला ठाऊक." पंचवीस तास, पन्नास, दुप्पट शंभर. बॅटरी बरोबर शंभर अँपिअर-तासांची होती. मला केवढा आनंद झाला होता.

गुरुवारी सकाळी प्रार्थना संपताना झोपडीच्या कारभाऱ्याने उद्याची वेळ सांगितली. दुसऱ्या दिवसाच्या प्रार्थनेची. बायकांच्या पडद्याच्या फटीतून मला तुमचा चेहरा दिसला. तुम्ही मनातल्या मनात गुणत होतात. बुधवार संध्याकाळपासून शनिवार रात्रीपर्यंत, पंचवीसचे त्र्याहत्तर झाले होते, आणि दिवे डोक्यावर मजेत जळत होते.

शुक्रवारी दुपारी झोपडी रिकामी असताना तुम्ही बॅटरीजवळ बाकावर बसला होतात, आजाऱ्याच्या उशाशी बसावं तसे. मी म्हटलं, "बाबा, नुसता तारेचा चिमटा तर ओढायचाय. मी ओढते, कोणी बघत नाहीये."

"हात लावू नकोस."

"पण ती मरेल. आणि तुमची जागा?"

"मरू दे. बॅटरीपायी सण मोडायचा? बस गपचूप."

तुम्ही आवाज चढवला नाहीत, पण तेवढ्या कडक स्वरात माझ्याशी पूर्वी कधी बोलला नव्हतात. संध्याकाळी शब्बाथची प्रार्थना चालू असताना दिवे पिवळे झाले, मग तांबडे, मग नुसती तार दिसू लागली. बायकांनी आधीच लावून ठेवलेल्या तेलाच्या दिव्यांवर लोकांनी प्रार्थना पुरी केली. कोणाचं काही अडलं नाही.

रविवारी आपण हातगाडीवरून ती बॅटरी कारखान्यात नेली. तुम्हाला हिब्रू येत नव्हती म्हणून मी बरोबर. फोरमनने एकेक सेल तपासला. दोन सेलांचे धन-ऋण उलटे झाले होते, बाकीच्यांत जीव नव्हता. त्याने विचारलं, असं कसं झालं? मी सांगितलं, एकाच दिवसाचा हिशेब धरला. तो म्हणाला, रोश हशाना एक दिवसाचा? नव्याचा सण एक दिवसाचा का, असं विचारतोय, हे मी तुम्हाला मराठीत सांगितलं. तेव्हा तुम्ही पाठ ताठ केलीत. तुमच्या डोळ्यांत पाणी होतं. म्हणालात, "सांग त्याला, नव्याचा सण दोन दिवसांचा हे आमच्या कोकणातल्या पोराटोरालाही ठाऊक आहे. आमचा धर्म पक्का आहे. चुकला तो हिशेब."

त्या दिवसांत लोक आपल्याला तोंडावर विचारायचे की तुम्ही पुरते यहुदी आहात का. म्हणून तर ते वाक्य तुम्हाला जागेपेक्षा मोठं होतं. पण मी ते सांगितलं असतं तर फोरमनने पुढचा प्रश्न विचारला असता, मग एक दिवस धरला कोणी? मी हिब्रूत एवढंच म्हणाले, "बाबा म्हणतात, चूक झाली." फोरमन बाकीच्यांकडे वळून म्हणाला, "बघा, हिंदुस्थानातून आलेत, यांना सण किती दिवसांचा तेही माहीत नाही." सगळे हसले. तुम्ही मला विचारलंत, काय म्हणाला? मी म्हटलं, ठीक आहे म्हणाला.

ती जागा दुसऱ्याला मिळाली. निवृत्तीपर्यंत तुम्ही झाडूच धरलात, आणि त्याबद्दल माझ्याकडे कधी चकार शब्द काढला नाहीत. मात्र सणाला पाहुणे आले की हटकून सांगायचात, "ती जागा गेली तर गेली, पण मी त्या फोरमनला तोंडावर ऐकवलं." आई मान डोलवायची, आणि मी ताटं उचलायला आत जायची.

तुमच्या नातीला मी त्र्याहत्तर तास धरून, दुप्पट करून आकडा दिला आहे. हा कागद बॅटरीतलं आम्ल तपासायच्या तुमच्या हायड्रोमीटरच्या डब्यात राहील, दुसरीकडे कुठे पाठवणार? तुम्ही त्या फोरमनला काहीच ऐकवलं नव्हतं, बाबा. ते वाक्य मी मधेच ठेवून घेतलं होतं.