पाचवा गुमेर्सिंदो

४ नोव्हेंबर १९५७

बाबा तोंडावर नाही म्हणाले. घर सोडल्यावर सहा महिन्यांनी त्यांच्या दारात पाऊल टाकलं, कुशीत नऊ दिवसांचं पोर. ते लाकडी बूट कोरत होते. मान वर केली नाही.

"मुलगा आहे," मी म्हटलं. "तुमचं नाव ठेवतेय." इथे पहिल्या नातवाला आजोबाचंच नाव मिळतं, कुणी विचारतसुद्धा नाही.

"माझा बाप गुमेर्सिंदो, आजा गुमेर्सिंदो, पणजा गुमेर्सिंदो. चार पिढ्यांची अब्रू आहे या नावात, लुदिविना. ज्याच्या बापाचा पत्ता नाही त्याला ते मिळणार नाही."

"मग हा पाचवा," म्हटलं आणि निघाले. दार उघडंच टाकलं. येऊ दे थंडी त्यांच्या घरात.

५ नोव्हेंबर

रडले नाही. दूध भरपूर येतंय.

७ नोव्हेंबर

बालबिना मावशी पाव भाजता भाजता समजावते. तिच्या भट्टीमागच्या खोलीत राहते, म्हणून ऐकून घेते. "अगं, होसे ठेव, आंखेल ठेव. गु-मेर्-सिं-दो अशी हाक पुरी होईतो पोर नदीपलीकडे गेलेलं असेल."

"सिंदो म्हणेन."

"गावात तोंड दाखवायचंय ना तुला?"

रोज दाखवते. पाण्याला जाते, दुकानात जाते. बायका गप्प होतात, मी मुद्दाम हळू चालते.

९ नोव्हेंबर

फादर आबुंदियोंकडे गेले. वर्षभरापूर्वीच आलेत, वयाने माझ्याहून थोडे मोठे. बाबा आधीच येऊन गेले होते — हे नाव देऊ नका म्हणून सांगायला!

"नाव कुणाच्या मालकीचं असतं का, फादर?"

ते हसले. मग उठून एक जाड पुस्तक काढलं. हे नाव गॉथ लोकांचं म्हणे, दीड हजार वर्षांपूर्वी इथे स्पेनवर राज्य करायला आले त्यांचं. त्यांच्या भाषेत 'गुमा' म्हणजे माणूस, 'सिंथ' म्हणजे वाट. वाटेला लागलेला माणूस. पुढे कोर्दोबात या नावाच्या एका पाद्र्याने श्रद्धेपायी मान कापून घेतली, तो संत झाला. तेरा जानेवारी त्याचा दिवस. त्या दिवशी बाबा शेजाऱ्यांना बडीशेपेची दारू पाजतात, वर्षातून एकदा गातात.

मान कापून घेतली पण शब्द फिरवला नाही. चांगलं नाव आहे. माझ्या पोराला शोभेल.

फादर म्हणाले, बाप्तिस्मा बुधवारी करू, संध्याकाळी, घंटा न वाजवता. माझ्यासारखीच्या पोरांचं तसंच करतात. मी म्हटलं, रविवारी. मिस्साची प्रार्थना संपल्यावर, सगळ्यांसमोर. आणि घंटा वाजवून.

१३ नोव्हेंबर

आज पुन्हा फादरकडे गेले.

नोंदीत बाळाचे आईवडील, आजीआजोबा लिहावे लागतात. म्हणून फादरनी माझ्याच बाप्तिस्म्याचं पान काढलं, १९३१ चं. वाचता वाचता थांबले. वही माझ्याकडे फिरवली.

वडील: गुमेर्सिंदो. वडिलांचे आईवडील: अज्ञात. लेओनच्या अनाथालयातून.

बाबा डोंगरापलीकडून आले, एवढंच गावाला ठाऊक. "दारात सापडलेल्या बाळाला तिथल्या सिस्टर त्या दिवसाच्या संताचं नाव देत," फादर हळूच म्हणाले.

म्हणजे बाप नाही, आजा नाही, पणजा नाही. कॅलेंडर!

१४ नोव्हेंबर

मावशीला रात्री सांगून बसले. ती म्हणते, चौकात ओरडून सांग, मग बघू कशी अब्रू ती. काल मला तेच करायचं होतं.

आज गेले त्यांच्याकडे. एकटीच. "मी पान वाचलं," म्हटलं.

पटाशी थांबली. मग म्हणाले, "तिथे एका खोलीत आम्ही चाळीस पोरं होतो. रोज झोपताना मी एकेक माणूस जोडत गेलो. आधी बाप. मग आजा." आणि मग, "कुणाला सांगितलंस?"

"मावशीला. तिचं तोंड मी बंद ठेवीन. पण नाव तेच राहणार. तुमच्या पणज्यासाठी नाही. तुमच्यासाठी."

"चालती हो," म्हणाले. पण आवाज चढला नाही.

१६ नोव्हेंबर

बाबांचा निरोप नाही. नको. नाव द्यायला मला कुणाची परवानगी लागत नाही. झबलं इस्त्री करून ठेवलंय.

१७ नोव्हेंबर, रविवार

घंटा वाजली. एकही माणूस उठून गेला नाही, सगळ्यांना बघायचं होतं. फादरनी विचारलं, बाळाच्या वडिलांचं नाव? मी तोंड उघडायच्या आत मागून बाबांचा आवाज आला, खणखणीत, सगळ्या गावाला ऐकू जाईल असा: "अज्ञात लिहा, फादर. माझ्याही पानावर तेच लिहिलंय." मग पुढे आले आणि पोराला माझ्या हातातून घेतलं.